घाटात गप्प राहिलेली पट्टी

मी ब्रेकची पट्टी बोलतेय. मोटारीच्या पुढच्या उजव्या चाकातली. माझा आवाज आता फार हळू आहे, तेव्हा जरा जवळ येऊन ऐका. एके काळी तो अर्ध्या तुळजापुराला ऐकू जायचा आणि मला त्याची लाज वाटायची. आज त्या ओरडण्याची लाज वाटत नाही. ज्या दिवशी ओरडायला हवं होतं, त्या दिवशी मी गप्प बसले. लाज वाटते ती त्या गप्प बसण्याची.

आधी माझं काम सांगते. मोटारीच्या चाकाच्या आत लोखंडाचा एक गोल डबा असतो. त्याला ड्रम म्हणतात. तो चाकाबरोबर फिरतो. त्याच्या पोटात अर्धचंद्रासारखे दोन तुकडे असतात, त्यांना मिस्त्री लोक बूट म्हणतात. त्या बुटांवर रिव्हेट ठोकून आम्हाला बसवलेलं असतं. ड्रायव्हरनं पायानं ब्रेक दाबला की बूट पसरतात आणि आम्ही त्या फिरत्या ड्रमला आतून मिठी मारतो. आम्ही घासतो, तापतो, झिजतो आणि गाडी थांबते. चार चाकं, प्रत्येक चाकात दोघी. अशा आम्ही आठ बहिणी. झिजणं हाच आमचा धंदा आहे. त्यात लाजण्यासारखं काही नाही, हे मला फार उशिरा कळलं.

माझा जन्म विलायतेतल्या कारखान्यातला. पण तुम्ही मला परदेशी म्हणू नका. माझ्यात न जळणाऱ्या एका दगडाचे तंतू आहेत, पितळेची बारीक तार आहे आणि कापूस आहे. तो कापूस याच जिल्ह्याच्या काळ्या जमिनीतला. कुण्या शेतातला ते मला सांगता येणार नाही, पण ते बोंड वेचणारे हात आणि त्या मातीचा वास मला आठवतो. बैलगाडीतून तो कापूस येडशीच्या स्टेशनावर गेला, तिथून बार्शी लाईनच्या छोट्या गाडीनं निघाला, मुंबईहून बोटीत चढला. तिकडं त्याला दगडाच्या तंतूंबरोबर विणलं, काळ्या रसात बुडवलं, दाबलं, भाजलं. बाहेर पडले ती मी.

त्या कारखान्यात एक म्हातारा तपासनीस होता. तो आम्हाला फिरत्या चाकावर दाबून धरी आणि धूर निघाला तरी सोडत नसे. मला त्याची भाषा पुरती कळत नव्हती, पण धडा कळला. पळवणारे पुष्कळ आहेत. इंजिन पळवतं, उतार पळवतो, माणसाची घाई पळवते. थांबवणारी एकटी तू. मी तो धडा मनावर कोरून घेतला. परतीच्या बोटीत, खोक्याच्या अंधारात, मी शपथा घेतल्या होत्या. आपल्या मुलखात आता मोटारी फिरू लागल्यात. मी माझ्या माणसांत जाईन, त्यांच्या घाटवाटांवर पाय रोवून उभी राहीन, कुणाचं बोटसुद्धा चेचू देणार नाही! तरुणपणी माणूस असंच बोलतं. मी तर कारखान्यातून नुकतीच निघालेली होते.

एकेचाळीस सालच्या उन्हाळ्यात सोलापुरात मला माणिकप्पांच्या मोटारीत बसवलं. माणिकप्पा तुळजापुरातले तेलाचे व्यापारी. घरचे तीन घाणे, करडईचं तेल आणि बियाणं पंचक्रोशीत जायचं. कपाळावर विभूतीचे पट्टे, अंगावर पांढरंशुभ्र धोतर. माणूस भला, पण आपल्या घरच्या तेलावर त्यांचा भारी विश्वास. कुणाचा गुडघा दुखो, कुणाचं दार कुरकुरो, माणिकप्पांचं औषध एकच.

ड्रायव्हर होता बब्रुवान. तो मूळचा गाडीवान. चौदा वर्षं त्यानं बैलगाडी हाकली होती. माणिकप्पांनी मोटार घेतली तेव्हा त्यालाच सोलापूरला पाठवून शिकवून आणलं. मोटार शिकल्यावर त्यानं आपली बैलजोडी घाटाखालच्या तामलवाडीच्या रामलिंगाला दिली. त्यातला उजवा बैल पाखऱ्या. त्याला बब्रुवाननं वासरू असल्यापासून वाढवलेलं. देताना त्यानं रामलिंगाला एकच सांगितलं होतं, "याला चाबूक लावू नको. नुस्तं 'हो' म्हण, जागच्या जागी हुबा ऱ्हातोय."

मला बसवणारे गुरुसिद्धप्पा मिस्त्री तोंडानं फटकळ होते. बब्रुवानला वाचता येत नव्हतं, म्हणून त्यांनी त्याला चाकाशी उकिडवं बसवलं आणि ड्रमवरचं एक भोक दाखवलं. बोट जेमतेम जाईल एवढं.

"हे कशाला हाय सांग."

"हवा लागायला?"

"तुझ्या डोक्याला लागू दे हवा! हितनं बघायचं. पट्टी किती उरली ते. दर महिन्याला बघायचं. रिव्हेटीचं डोकं आणि पट्टी एका पातळीला आली की गाडी जागची हलवायची न्हाय."

बब्रुवानचा चेहरा उजळला. "म्हंजे बैलाच्या नालागत. नाल झिजला, खिळ्याचं डोकं वर आलं, की बैल लंगडतोय."

"शाबास! आता अकलेचं बोललास. आणि ऐक, ही पट्टी मुकी न्हाय. झिजत आली की आधी पाय खोल जायला लागतो. मग गाडी एका बाजूला वढती. मग ही किंचाळती. किंचाळली तर ऐकायचं. आणि तेल, ग्रीस, वंगण यातलं काय बी हिच्या जवळ आणायचं न्हाय. तेल प्याली की ही मेली. घाट उतरताना गाडी गिअरात ठेव. सगळा भार हिच्यावर टाकू नको."

मी आतून सगळं ऐकत होते. मला किती अभिमान वाटला म्हणून सांगू! मला समजून घेणारं माणूस भेटलं होतं, आणि मला जपणारंही.

पहिलं वर्ष छान गेलं. तुळजापूरचा घाट आम्ही उतरायचो, तामलवाडीवरून निजामाच्या हद्दीवरच्या नाक्याकडं, तिथून सोलापूर. ड्रमचं भोक माझ्यासमोरून फिरायचं आणि त्यातून जग तुकड्या-तुकड्यानं दिसायचं. करवंदीची जाळी, मैलाचा दगड, बकरी, पुन्हा करवंदीची जाळी. बब्रुवान महिन्याच्या महिन्याला चाकाशी बसून भोकाला डोळा लावायचा. "हाय अजून, गुबगुबीत हाय," म्हणायचा.

मग लढाईची झळ आमच्यापर्यंत आली. पेट्रोल कुपनावर मिळू लागलं. त्या उर्दूतल्या चिठ्ठीवर महिन्याला मिळायचे थोडे गॅलन. तुळजापूरच्या सगळ्या ड्रायव्हरांनी तेव्हा एक युक्ती काढली. घाटाच्या तोंडावर आलं की इंजिन बंद करायचं आणि गाडी नुसती उतारावर सोडायची. खाली तामलवाडीपर्यंत थेंबभर पेट्रोल लागत नसे. माणिकप्पा खूश झाले. बब्रुवानला आधी धाकधूक वाटायची, पुढं त्यालाही गंमत वाटू लागली. इंजिनाचा आवाज नाही, फक्त वारा. "बैलगाडीगत वाटतंय बगा, अप्पा," तो म्हणायचा.

पण इंजिन गप्प असलं की तेवढा मोठा भार धरणार कोण? आम्ही आठजणी. वर्षभर मी त्या घाटात जळत उतरले. माझ्या अंगाचा वास गाडीत भरायचा आणि माणिकप्पा विचारायचे, "कुणी शेतात पाचट पेटवलंय का रे?"

मी झिजले. गुरुसिद्धप्पांनी सांगितल्याप्रमाणे एकेक गोष्ट मी करून दाखवली. बब्रुवानचा पाय खोल जाऊ लागला. मग गाडी डावीकडं ओढू लागली आणि तो चाक उजवीकडं धरून बसू लागला. त्यानं भोकातून बघितलंही. बराच वेळ बघत राहिला. मग उठून माणिकप्पांना म्हणाला, "अप्पा, पट्ट्या बदलाया पायजेत."

सोलापुरात विचारणा झाली. बोटी येत नव्हत्या, पट्ट्या नव्हत्या. गुरुसिद्धप्पांनी निरोप धाडला, "मिळेपर्यंत मोटार विटांवर चढवून ठेवा." माणिकप्पांना ते पटेना. दारात मोटार आहे आणि माणसानं बैलांच्या दमणीतून जायचं? "हळूहळू चालवू," ते म्हणाले. गाडी तशीच चालू राहिली.

तेव्हा मी ओरडायला लागले.

आधी बारीक, मग कानात सुई घातल्यागत. वर आलेली रिव्हेटीची डोकी ड्रमवर घासायची आणि किंकाळी उठायची. आम्ही पेठेत शिरलो की लोक कानावर हात ठेवायचे. पानाच्या गादीवरचा उत्तरेश्वर मुद्दाम मोठ्यानं म्हणायचा, "आली बगा नवरी! सासरला निघाली, रडू आवरंना!" पोरं मागून माझा आवाज काढत धावायची. माणिकप्पांच्या मोटारीचं नाव रडकी मोटार पडलं.

खरं सांगते, मला शरम वाटू लागली. मी माझ्या धर्माप्रमाणे वागत होते, तरी शरम. विलायतेहून शिकून आलेली, आणि गावात हसं झालं. बब्रुवान पेठ आली की ब्रेक दाबायचंच टाळायचा, चालत्या गाडीतूनच हात हलवायचा. माणिकप्पा मागच्या सीटवर रुमालात तोंड लपवायचे. ओरडण्यातला इशारा त्यांना ऐकूच येत नव्हता. त्यांना ऐकू येत होतं ते हसू. आणि हळूहळू मलाही तेवढंच ऐकू येऊ लागलं.

एकाच माणसाला माझं बोलणं कळलं. शरणम्मा, माणिकप्पांची बायको. माहेर कर्नाटकाकडचं, घरात निम्मं कानडी बोलायची. मोटारीत ती वर्षातून दोनदा बसायची. तिनं माझी किंकाळी एकदा ऐकली आणि म्हणाली, "आवो, हे रडणं नव्हे. जात्यात दाणा नसताना जातं फिरवलं की दगडावर दगड घासतोय, तेव्हा असंच ओरडतंय. आत काहीतरी संपलंय हिच्या."

"मोटारीला आणि जात्याला काय संबंध?" माणिकप्पा म्हणाले.

"दोनी घासूनच काम करत्यात की. जातं असं ओरडलं तर आमी थांबतो आणि दाणे घालतो. तुमी काय करता?"

"आमी तुला माहेरी नेतो. बस गप."

मग त्रेचाळीस सालची खंडेनवमी आली. त्या दिवशी माणिकप्पांच्या घरी मोठी पूजा असे. घाणे धुतले जात, तराजू, पारडी, वजनं, विळे, कात्र्या ओळीनं मांडत. प्रत्येकाला हळदकुंकू, प्रत्येकाला तेलाचं बोट. मोटारीला झेंडूची माळ घातली होती. शरणम्मा ताट घेऊन आली, चाकांना कुंकू लावलं. बब्रुवाननं मोटार सावलीत घ्यायला थोडी पुढं घेतली आणि ब्रेक लावला.

मी ओरडले. पूजेला आलेली सगळी माणसं हसली.

माणिकप्पा तिथंच उभे होते. त्यांचा चेहरा उतरला. मग एकदम काही सुचल्यासारखं त्यांनी ताटातली तेलाची वाटी उचलली. "बब्रुवान, बैलगाडीचं चाक कुरकुरलं तर तू काय करायचास?"

"वंगण घालायचो, अप्पा."

"मग? तेल्याच्या दारात चाक ओरडतंय, आणि आपण ऐकत बसलोय! लोक म्हणतील, माणिकप्पाच्या घरी तेल संपलं. आज आयुधांचा दिवस. घाण्याला तेल, तराजूला तेल, आणि हिनंच काय पाप केलंय?"

"अप्पा, गुरुसिद्धप्पा मिस्त्री म्हणलं होतं..."

"मिस्त्री दोन वर्षांमागं म्हणाला. तेव्हा ही ओरडत होती का?"

बब्रुवान चाकाशी बसला. चौदा वर्षं त्यानं बैलगाडीच्या आखाला वंगण घातलं होतं आणि प्रत्येक वेळी चाकानं त्याचं ऐकलं होतं. हाताला जे कळतं ते मिस्त्रीच्या शब्दापेक्षा जवळचं असतं. शरणम्मा म्हणाली, "आधी आत बघा तरी, काय उरलंय." तिच्याकडं कुणी लक्ष दिलं नाही. आणि ज्या भोकातून मला बघायचं, त्याच भोकातून करडईचं ताजं, कोमट तेल आत आलं. चारी चाकांत.

आता माझी खरी लाज ऐका.

मला ते आवडलं.

वर्षभराच्या जळण्यानंतर ते थंड वाटलं. माझ्या तडकलेल्या अंगात ते मुरलं. बब्रुवाननं गाडी पुढंमागं केली, ब्रेक दाबला. चूं नाही की चां नाही. माणसांनी टाळ्या पिटल्या. "गुणाची झाली मोटार!" माणिकप्पा म्हणाले. पानाच्या गादीवरून उत्तरेश्वर उठून आला आणि माझ्या चाकावर एक झेंडूचं फूल ठेवून गेला. गाडी सपाट अंगणात होती, माणसाच्या चालीनं हलत होती, थांबायला फारसं काही लागत नव्हतं. पाय आणखी खोल गेला होता हे बब्रुवानला जाणवलं असेल, नसेलही. मला जाणवलं होतं. ड्रमवरची माझी पकड सुटली होती. तपासनीसाचा धडा आठवला, पण मी तो बाजूला सारला. लोक पहिल्यांदाच माझं कौतुक करत होते.

दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही सोलापूरला निघालो. शरणम्माला माहेरी जायचं होतं. तिच्या मांडीवर शेंगापोळीचा डबा होता, माणिकप्पांच्या खिशात आपट्याची पानं होती. घाटाच्या तोंडावर बब्रुवाननं सवयीप्रमाणे इंजिन बंद केलं. गाडी आपसूक निघाली.

पहिल्या वळणावर त्यानं ब्रेक दाबला. मी मिठी मारली. पण साबणाच्या हातानं भांडं धरावं तसं झालं. ड्रम माझ्या अंगावरून निसटत फिरत राहिला. बब्रुवाननं पुन्हा दाबला. पाय तळाला टेकला.

"हळू घे की रे," मागून माणिकप्पा म्हणाले.

"अप्पा, थांबंना ही!"

त्यानं हातब्रेक ओढला. मागच्या बहिणीही तेलातच होत्या. त्यानं गिअर टाकायला बघितला. दातावर दात कडकडले, गिअर पडेना. वारा वाढला. करवंदीची जाळी, मैलाचा दगड, करवंदीची जाळी आता वेगळी दिसेनात, नुसती एक रेघ झाली. शरणम्मानं डबा सोडला आणि पुढच्या सीटची पाठ धरली. "शिव शिव शिव..."

दुसऱ्या वळणाखालून एक बैलगाडी वर येत होती. रिकामी. रामलिंग होता. रब्बीच्या ज्वारीत पेरायला करडईचं बियाणं न्यायला तो माणिकप्पांकडंच निघाला होता. तामलवाडीत जमिनीची ओल बेताची होऊन वाफसा आला होता, दोन दिवसांत पेरणी धरायची होती. त्यानं आमची गाडी बघितली, ओळखली आणि शहाण्यासारखे बैल कडेला दाबले. थोडं पुढं जागा होती. मोटार बाजूनं निघून गेली असती. बैल आणखी चार पावलं चालले असते, तर निघून गेली असती.

बब्रुवान उभा राहिला होता. दोन्ही पायांनी तो मला दाबत होता. आणि त्याच्या तोंडून निघालं ते मोटारवाल्याचं काही नव्हतं. चौदा वर्षांचं होतं.

"होऽ! होऽ! हो रं माज्या राजा, होऽऽ!"

पाखऱ्यानं कान टवकारले. त्याला वासरू असल्यापासून माहीत असलेला आवाज वरून आला होता. तो जागच्या जागी उभा राहिला.

"चल! चल की रं!" रामलिंगानं कासरा हिसडला. डावा बैल ओढत होता. पाखऱ्या चारी पाय रोवून रस्त्याच्या अंगाला उभा होता, मान वर करून आवाजाकडं बघत.

बब्रुवाननं जिला थांब म्हटलं, ती मी थांबले नाही. ज्याला म्हटलं नव्हतं, तो थांबला.

धडक माझ्याच चाकाशी बसली. त्याच्या पुढच्या पायाचं हाड मोडलं, तो आवाज मी लोखंडातून ऐकला. मग बब्रुवाननं गाडी डोंगराच्या बाजूला मुरमाच्या ढिगात घातली आणि ती तिरकी होऊन थांबली. माणिकप्पांचं कपाळ फुटलं होतं. शरणम्मा उतरली, पदरानं त्यांचं रक्त पुसलं. माणसं सगळी वाचली होती. ज्यानं ऐकलं, तो रस्त्यात पडला होता.

बब्रुवान त्याच्या मानेशी जाऊन बसला. पाखऱ्या त्याच्या हाताचा वास घेत होता.

रामलिंगानं डावा बैल जुवातून सोडला. मग म्हणाला, "बब्रुवानदादा, तूच म्हणला होतास. हो म्हणलं की हुबा ऱ्हातोय म्हणून." त्याच्या बोलण्यात राग नव्हता. राग असता तर बरं झालं असतं. "आता म्या पेरू कशानं?"

दुपारी पोलिसांचे अमीनसाहेब आले. वही काढली. "कसूर किसका है?"

"माझा, साहेब," बब्रुवान म्हणाला. "म्या हाक मारली म्हणून बैल थांबला."

"बैल को हाक मारी? गाडी तेरी, और हाक बैल को?" त्यांच्या शिपायाला हसू आलं.

माणिकप्पा दगडावर बसले होते, कपाळाला फडकं बांधून. ते आता उठले. "साहेब, तो कसूर नका लिहू. पट्ट्या संपल्या होत्या, ते मला सांगितलं होतं. मोटार उभी करायची सोडून तेल घालायला मीच लावलं. ओरडणं बंद व्हावं म्हणून." त्यांनी कपाळावरचं फडकं सारलं. "ओरडणं बंद झालं."

त्यांनी बायकोकडं बघितलं. तिला म्हणता आलं असतं, मी सांगितलं होतं. तिनं खाली सांडलेल्या शेंगापोळ्यांतली एक उचलली, फुंकर मारली आणि पाखऱ्याच्या तोंडाशी धरली.

गुरुसिद्धप्पा दुसऱ्या दिवशी आले. ड्रम उघडले तेव्हा आत तेलाचा आणि भुकटीचा काळा चिखल होता. माणिकप्पांनी हळूच विचारलं, "पेट्रोलनं धुतल्या तर?"

"धुऊन वरचं तेल जाईल. मुरलेलं कसं काढाल? आणि धुवायला उरलंय काय? बघा." त्यांनी छिन्नीनं मला उपटलं आणि माणिकप्पांच्या पांढऱ्या धोतराशी धरलं. रिव्हेटी लकाकत होत्या. "ही ओरडत होती ते तुमच्यासाठी, अप्पा. मोटार विटांवर चढवा. आठी पट्ट्या एकदम मिळाल्या तरच उतरवायची. एक-दोन बदलून मला फसवू नका."

मोटार विटांवर चढली. माझ्या सात बहिणी उकिरड्यावर गेल्या. मला बब्रुवाननं कमरेला खोचलं. का, ते त्यानं सांगितलं नाही.

रामलिंगाची पेरणी खोळंबली होती. दसऱ्यानंतरच्या त्या आठवड्यात गावात कुणाचाही बैल मोकळा नसतो, आणि वाफसा कुणासाठी थांबत नाही. तेव्हा माणिकप्पांनी एक घाणा बंद केला आणि घाण्याचा बैल घेऊन स्वतः तामलवाडीला गेले. बब्रुवान बरोबर होता, म्हणून मीही होते.

घाण्याच्या त्या बैलानं जन्मभर डोळ्यांवर झापड बांधून गोल चक्कर मारलेली. झापड काढली तर एवढं मोठं रान बघून तो बिचकला. डाव्या बैलाच्या जोडीला पेरणीच्या पाभरीला जुंपला, चार पावलं सरळ गेला आणि वळला. पुन्हा सरळ केला, पुन्हा वळला. बांधावरची माणसं हसू दाबत होती. शेवटी रामलिंगालाच राहवेना. "अप्पा, तुमचा बैल माज्या वावरातनं तेल काढतोय की वो!"

माणिकप्पांनी धोतराचा काचा मारला, वहाणा काढल्या, बैलाची वेसण धरली आणि त्याच्या पुढं चालू लागले. तीन दिवस ते असे चालले. ढेकळांत, उन्हात, विभूती घामानं ओघळलेली. कुणी हसलं तरी त्यांनी रुमालात तोंड लपवलं नाही. तरी पाभरीची तासं वाकडीच गेली. मार्गशीर्षात ज्वारी गुडघाभर झाली तेव्हा घाटावरून दिसायचं, सगळ्या शिवाराच्या ओळी सरळ आणि एकाच रानाच्या गोल वळलेल्या. वाटसरू विचारायचे, "हे कुणी पेरलं?" लोक सांगायचे. त्या रानात पूर्वी पिकलेल्या कापसाचा एखादा धागा माझ्यात असेल का, असं माझ्या मनात येई. मग मी तो विचार टाकून देई.

पाखऱ्याला माणिकप्पांनी आपल्या गोठ्यात आणलं. पाय जुळला, पण आखूड. आता तो तीन पायांवर भार देऊन चालतो. शरणम्मा त्याला रोज सकाळी करडईची पेंड घालते. रामलिंगाला त्यांनी दुसरा बैल घेऊन दिला. बब्रुवाननं तेव्हापासून 'हो' हा शब्द सोडलाय. कुणी काही विचारलं तर मान हलवतो, नाहीतर 'व्हय' म्हणतो.

मला त्यानं मोटारीच्या शेडच्या खांबावर ठोकलंय. पंचेचाळीस साली नव्या आठ पट्ट्या आल्या तेव्हा मोटार विटांवरून उतरली. बब्रुवान दर महिन्याला बॅटरी घेऊन भोकाशी बसतो. एरवी त्या भोकाला लाकडाची खुंटी मारलेली असते. घाट तो गिअरात उतरतो. नवा कुणी मोटार शिकायला आला की त्याला माझ्याशी आणून उभा करतो आणि म्हणतो, "हिला बग. बोट फिरव. खिळा लागतोय न्हवं?" मग काही बोलत नाही. त्याच्या त्या गप्प राहण्यात मी दर वेळी पुन्हा त्या घाटातून उतरते.

यंदाच्या खंडेनवमीला शरणम्मा ताट घेऊन आली. घाण्याला तेल, तराजूला तेल. चाकांना नुसतं कुंकू. मग ती माझ्यापाशी आली. सवयीनं तेलात बुडवलेलं बोट वर झालं आणि हवेतच थांबलं. तिनं ते पदराला पुसलं आणि कोरड्या हातानं मला कुंकू लावलं. मला ओरडून सांगावंसं वाटलं, अव्वा, मला नको. पण ओरडायला फिरतं चाक लागतं.

तेवढ्यात बब्रुवान पाखऱ्याला पाण्यावर नेत होता. त्यानं 'हो' म्हटलं नव्हतं. बैल लंगडत आला आणि खांबापाशी आपणहून थांबला. नाक माझ्या अंगाला लावून त्यानं खोल वास घेतला. ज्यानं मला जाब विचारावा, माझ्यावर थुंकावं असा एकटा तोच. त्याला माझ्यात फक्त करडईचा वास आला, त्याच्या सकाळच्या पेंडीचा. त्यानं मला चाटलं.

मला मान नाही. असती तर खाली घातली असती.

माणसांनो, तुमच्या गाडीत माझ्यासारख्या आठजणी अंधारात झिजत असतील. त्या ओरडल्या तर हसू नका. त्यांना गोड बोलून, तेल पाजून गप्प करू नका. गाडी उभी करा, खाली वाका आणि भोकाला डोळा लावा. एवढंच.